राहावे की निघावे? : नौसैनिकाच्या कराराचे अर्थशास्त्र

(वसई येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचा मजकूर)



कामगार चळवळीत वावरणाऱ्यांना ‘करार’ हा शब्द नवा नाही. गिरणीतला बदली कामगार, गोदीतला रोजंदार, नगरपालिकेतला कंत्राटी सफाई कामगार यांच्या करारांवर अशा अभ्यासवर्गांतून पुष्कळ चर्चा झाली आहे. एक करार मात्र या चर्चेत सहसा येत नाही. तो म्हणजे नौदलातल्या साध्या शिपायाचा, म्हणजे अधिकारी नसलेल्या नौसैनिकाचा करार. या करारावर संप होत नाही, वाटाघाटी होत नाहीत, मोर्चे निघत नाहीत. संविधानाच्या ३३ व्या अनुच्छेदाने सशस्त्र दलांतील माणसांच्या मूलभूत हक्कांवर मर्यादा घालण्याचा अधिकार संसदेला दिला आहे, आणि त्यामुळे नौसैनिकाला संघटना करता येत नाही. ज्याला स्वतःला बोलता येत नाही त्याच्या कराराचा विचार बाहेरच्यांनी करायचा असतो, आणि म्हणून आजचा हा विषय.

वसई-विरारच्या कार्यकर्त्याला हा विषय दूरचा वाटू नये. १७३९ साली चिमाजी आप्पांच्या फौजांनी वसईचा किल्ला घेतला हे येथील प्रत्येक शाळकरी मुलाला पाठ असते. अर्नाळ्यापासून पाचूबंदरापर्यंतचा किनारा आजही समुद्रावर पोट भरतो. नौदलाच्या पश्चिम विभागाचे मुख्यालय मुंबईत आहे, आणि नौसैनिकांच्या नेमणुका, बदल्या व मुदतवाढी यांचा कारभार पाहणारा ब्यूरो ऑफ सेलर्स मानखुर्दला आहे. मुंबईत नोकरी करून सरकारी क्वार्टर सोडावे लागणाऱ्या माणसाला परवडणारे घर कुठे मिळते, तर नालासोपाऱ्यात आणि विरारात. त्यामुळे ‘राहावे की निघावे’ हा प्रश्न इथल्या चाळींतून व इमारतींतून अनेक घरी बसून सोडवला जातो. फक्त तो घरगुती प्रश्न समजला जातो, सार्वजनिक समजला जात नाही.

प्रश्नाचे स्वरूप प्रथम सांगितले पाहिजे. नौसैनिक सामान्यतः सतरा-अठरा ते वीस या वयात भरती होत आला. १९५७ च्या नौदल कायद्याखाली तो ठराविक मुदतीचा करार करतो. मुदत संपली की सेवामुक्त होण्याचा त्याला हक्क आहे. आणीबाणीच्या प्रसंगी मात्र सरकार त्याला अडवून धरू शकते. मुदत संपल्यावर राहण्याचा हक्क मात्र त्याला नाही. राहायचे तर मुदतवाढ मागावी लागते, आणि ती मिळणे न मिळणे हे वैद्यकीय श्रेणी, वर्तणुकीची नोंद व दलाची गरज यांवर अवलंबून असते. म्हणजे निघण्याचे दार त्याच्या हातात, राहण्याचे दार दुसऱ्याच्या हातात. शिवाय मुदतवाढ हवी की नको हे मुदत संपण्याच्या बरेच आधी लिहून द्यावे लागते. एकदा लिहून दिलेली अनिच्छा मागे घेणे अवघड असते, आणि असे कितीतरी वाद सशस्त्र दल न्यायाधिकरणापुढे जात आले आहेत. थोडक्यात, वयाच्या तेहतिसाव्या-चौतिसाव्या वर्षी, बहुधा जहाजावर असताना, एका कागदावर ‘हो’ किंवा ‘नाही’ लिहून माणूस आपल्या पुढच्या आयुष्याचा निकाल लावतो.

हा प्रश्न आजचा नाही. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी मुंबईत ‘तलवार’ या संदेशवहन प्रशिक्षण तळावर नौसैनिकांनी संप पुकारला, आणि बघता बघता तो जहाजांवर व इतर बंदरांत पसरला. या उठावाची आठवण काढताना आझाद हिंद सेनेच्या कैद्यांची सुटका, इंडोनेशियातून हिंदी सैन्य मागे घेणे, निकृष्ट अन्न आणि गोऱ्या अधिकाऱ्यांची शिवीगाळ यांचा उल्लेख होतो, आणि तो योग्यच आहे. परंतु मागण्यांच्या त्याच यादीत आणखी एक मागणी होती, तिच्याकडे फारसे लक्ष जात नाही. ती अशी की सेवामुक्ती लवकर व्हावी आणि सेवामुक्त होणाऱ्यांच्या पुनर्वसनाची व नोकरीची सोय व्हावी. युद्धाच्या सहा वर्षांत रॉयल इंडियन नेव्ही अनेक पटींनी फुगवली गेली होती. युद्ध संपताच ती आकसणार हे उघड होते. तारायंत्र चालवायला, रडार वाचायला, यंत्रे दुरुस्त करायला शिकलेल्या हजारो तरुणांपुढे प्रश्न होता की गावी जाऊन करायचे काय? साम्राज्याने त्यांना कौशल्य दिले होते, पण त्या कौशल्याला बाजार दिला नव्हता.

पाच-सहा दिवसांत उठाव संपला. अरुणा असफ अलींसारख्या समाजवादी नेत्या नौसैनिकांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. सरदार पटेल व जीना या दोघांनीही शरणागतीचा सल्ला दिला. मुंबईच्या रस्त्यांवर झालेल्या गोळीबारात दोनशेहून अधिक नागरिक मारले गेले, त्यांत गिरणी कामगार मोठ्या संख्येने होते. उठावातील शेकडो नौसैनिक बडतर्फ झाले, आणि स्वातंत्र्यानंतरच्या नौदलाने त्यांना परत घेतले नाही. पुढे कित्येक वर्षांनी त्यांना स्वातंत्र्यसैनिक म्हणून मान्यता मिळाली. या कथेतला धडा भावनेचा नाही, व्यवहाराचा आहे. सेवामुक्तीची नीट व्यवस्था नसेल तर शिस्तीच्या दलातही असंतोष साठतो, आणि त्याची किंमत शेवटी सामान्य माणूस मोजतो.

स्वतंत्र भारतातला दुसरा प्रसंग कमी गाजलेला, परंतु अधिक बोधप्रद आहे. पूर्वी नौसैनिकाचा करार दहा वर्षांच्या प्रत्यक्ष सेवेचा आणि त्यापुढील दहा वर्षे ‘फ्लीट रिझर्व्ह’मध्ये राहण्याचा असे. दहा वर्षांनी घरी यायचे, दुसरा व्यवसाय करायचा, पण सरकारने बोलावले तर हजर व्हायचे, अशी ती पद्धत. राखीव काळही हिशेबात धरला जाई, आणि त्यातून राखीव सैनिकाचे निवृत्तिवेतन पदरात पडे. ३ जुलै १९७६ पासून ही राखीव दलाची पद्धत बंद झाली. पुढच्यांची सुरुवातीची मुदतच पंधरा वर्षांची झाली, त्यामुळे त्यांचे नुकसान झाले नाही. मधल्या मंडळींचे काय? त्यांनी दहा अधिक दहा या हिशेबाने सही केली होती. त्यांची पहिली दहा वर्षे भरली तेव्हा दुसरी दहा वर्षे सरकारनेच नाहीशी केलेली होती. ते निवृत्तिवेतनाविना घरी आले.

हा वाद चाळीस वर्षे चालला. २७ ऑक्टोबर २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्याचा निकाल दिला. राखीव सैनिकाचे निवृत्तिवेतन मान्य झाले नाही, कारण ही माणसे प्रत्यक्षात राखीव दलात गेलीच नव्हती. मात्र १९७६ च्या आधी भरती झालेले व त्या तारखेनंतर दहा वर्षे पुरी झालेले नौसैनिक योग्य प्रकरणी विशेष निवृत्तिवेतनास पात्र ठरू शकतात, असे न्यायालयाने म्हटले. त्याला एक अट होती. मुदत संपताना स्वतःहून सेवामुक्तीचा पर्याय स्वीकारलेला नसावा.

कार्यकर्त्यांनी या अटीवर जरा थांबावे. चाळीस वर्षांपूर्वी एका तरुणाने कुठल्या तरी कचेरीत, कदाचित कारकुनाने पुढे सरकवलेल्या छापील कागदावर ‘मला सेवामुक्ती हवी आहे’ असे लिहून दिले असेल किंवा नसेल. दलाने त्याला राखीव दलात घेतले नसतेच, तेव्हा त्या वेळी त्या सहीने काहीच बदलत नव्हते. पण म्हातारपणी निवृत्तिवेतन मिळणार की नाही हे त्या सहीवर ठरणार होते. ज्या कागदाचा अर्थ सही करणाऱ्याला त्या दिवशी माहीत नसतो, त्या कागदाला ‘स्वेच्छा’ म्हणायचे का, हा केवळ कायद्याचा प्रश्न नाही.

आता पंधरा वर्षांच्या कराराचे गणित पाहू. अधिकारी नसलेल्या सैनिकाला निवृत्तिवेतनासाठी पंधरा वर्षांची पात्र सेवा लागते. त्यापेक्षा कमी झाली तर एकरकमी ग्रॅच्युइटीवर समाधान मानावे लागते. म्हणजे चौदाव्या वर्षी निघणारा आणि पंधरा पुरी करून निघणारा यांच्यातला फरक एका वर्षाचा नसून उरलेल्या आयुष्याचा असतो. निवृत्तिवेतनाला पात्र होण्यापूर्वीच स्वतःच्या विनंतीवरून निघालेल्याला सामान्यतः माजी सैनिकाचा दर्जाही मिळत नाही. त्यामुळे पंधरा वर्षे होईपर्यंत बहुतेकांपुढे खरी निवड नसतेच. घरी आई आजारी असो, बायकोचे हाल होवोत, मन उडालेले असो, माणूस दिवस मोजत राहतो.

खरी निवड पंधराव्या वर्षाच्या कडेवर येते. एक पेटी ऑफिसर घ्या. वय चौतीस. सातव्या वेतन आयोगाच्या कोष्टकाप्रमाणे त्याचे मूळ वेतन व सैनिकी सेवा वेतन मिळून शेवटी ४२,००० रुपये झाले असे उदाहरणादाखल धरू. निवृत्तिवेतन त्याच्या निम्मे, म्हणजे २१,००० रुपये, अधिक महागाई भत्ता. त्यातला निम्मा भाग त्याने विकला, म्हणजे सरकारी भाषेत अंशराशीकरण केले, तर त्याच्या वयाच्या गुणकाप्रमाणे साडेअकरा लाखांच्या आसपास रक्कम हाती येते. पंधरा वर्षे दरमहा १०,५०० व महागाई भत्ता मिळतो, आणि त्यानंतर विकलेला भागही परत सुरू होतो. ग्रॅच्युइटी, भविष्य निर्वाह निधी आणि माजी सैनिकांची आरोग्य योजना वेगळी. हा आकडा लक्षात ठेवावा, पुढे तो पुन्हा लागेल.

मग तो का राहू इच्छितो? पहिले कारण असे की सैनिकांना आठ, सोळा व चोवीस वर्षांनी वेतनश्रेणीत वाढ मिळण्याची योजना आहे. पंधराव्या वर्षी पेन्शनीत निघालेला माणूस सोळाव्या वर्षाची वाढ एका वर्षाने चुकवतो, आणि ती चूक त्याच्या निवृत्तिवेतनाच्या प्रत्येक हप्त्यात आयुष्यभर उतरते. दुसरे कारण घराचे. सेवेत असताना सरकारी क्वार्टर आहे, मुलांना केंद्रीय विद्यालय किंवा नौदलाची शाळा आहे, दवाखाना आहे. बाहेर पडताच या तिन्ही गोष्टी बाजारात विकत घ्याव्या लागतात. साडेअकरा लाखांत विरारच्या पूर्वेला घराची सुरुवातीची रक्कम भरता येईल, उरलेले कर्ज. आणि मग निवृत्तिवेतन कर्जाच्या हप्त्याला जाते.

आणि निघू का इच्छितो? त्याचेही हिशेब पक्के आहेत. केंद्राच्या गट ‘क’ पदांत दहा टक्के, सार्वजनिक उद्योग व बँकांत साडेचौदा टक्के, तर महाराष्ट्र शासनाच्या गट ‘क’ व ‘ड’ पदांत पंधरा टक्के जागा माजी सैनिकांसाठी राखीव आहेत. पंधरा वर्षे सेवा झालेल्या मॅट्रिक सैनिकाला पदवीची अट असलेल्या, पण तांत्रिक अनुभव आवश्यक नसलेल्या केंद्राच्या गट ‘क’ पदांसाठी पात्र धरले जाते. वयाची सवलतही आहे. परंतु चौतिसाव्या वर्षी परीक्षेचा अभ्यास होतो, तो बेचाळिसाव्या वर्षी होत नाही. यंत्रखात्यातल्या माणसाला व्यापारी जहाजांवर मागणी असते, मात्र तिथेही नव्याने प्रशिक्षण व प्रमाणपत्रे लागतात, आणि तरुणाला आधी घेतात. म्हणजे मुदतवाढ घेतली तर निवृत्तिवेतन वाढते पण दुसऱ्या नोकरीचे दार लहान होत जाते; घेतली नाही तर उलट. या दोन्ही गोष्टी एका तराजूत घालायला लागणारी माहिती, म्हणजे जागा प्रत्यक्षात किती भरल्या जातात, निकाल केव्हा लागतात, मुलाखतीला बोलावतात की नाही, ती समुद्रावर असलेल्या माणसाला मिळत नाही. राखीव जागा कागदावर असणे आणि त्या भरल्या जाणे यांतले अंतर मागासवर्गीयांच्या अनुशेषाचा लढा लढलेल्या कार्यकर्त्यांना समजावून सांगायला नको.

इथे घरातल्या बाईचा उल्लेख केल्याशिवाय हिशेब पुरा होत नाही. पंधरा वर्षे नवरा जहाजावर असताना सासू-सासऱ्यांचे औषधपाणी, मुलांचे प्रवेश, बँक, भाडे, टँकरचे पाणी हे सारे तिने एकटीने निभावलेले असते. मुदतवाढीच्या कागदावर तिची सही नसते. परंतु त्या कागदाने आणखी पाच वर्षे जो भार टाकायचा तो तिच्यावरच टाकलेला असतो. तिची नोकरी असेल तर नवऱ्याची पुढची बदली विशाखापट्टणमला झाली की ती नोकरी जाते किंवा संसार दोन ठिकाणी होतो. कौटुंबिक निर्णय म्हणून ज्याचा गौरव होतो, तो बहुतेकदा असा एकतर्फी असतो.

एक जाचक तरतूदही सांगितली पाहिजे. समान पद, समान निवृत्तिवेतन या तत्त्वासाठी माजी सैनिकांनी दीर्घकाळ आंदोलन केले. २०१५ च्या नोव्हेंबरात आदेश निघाला, १ जुलै २०१४ पासून लाभ मिळाला. पण त्यापुढे स्वतःच्या विनंतीवरून मुदतपूर्व निघणाऱ्यांना त्या आदेशाने लाभाबाहेर ठेवले. पुन्हा तोच शब्द, ‘स्वतःच्या विनंतीवरून’. १९७६ च्या प्रकरणात जो शब्द माणसाच्या विरुद्ध गेला, तोच २०१५ मध्येही पुढे आला.

आता अग्निपथ योजनेकडे येऊ. १४ जून २०२२ रोजी ती जाहीर झाली. भरती चार वर्षांची. पहिल्या वर्षी दरमहा ३०,०००, मग ३३,०००, ३६,५०० व शेवटच्या वर्षी ४०,००० रुपये. त्यातले तीस टक्के निधीत कापले जातात, म्हणजे पहिल्या वर्षी प्रत्यक्ष हाती २१,००० येतात. चार वर्षांत मुलाच्या पगारातून ५ लाख २ हजारांच्या आसपास कापले जातात, तेवढेच सरकार घालते, आणि व्याजासह सुमारे ११ लाख ७१ हजार रुपये ‘सेवानिधी’ म्हणून मिळतात. निवृत्तिवेतन नाही, ग्रॅच्युइटी नाही, माजी सैनिकाचा दर्जा नाही. जास्तीत जास्त पंचवीस टक्क्यांना पुढे नियमित सेवेत घेतले जायचे, आणि त्यांच्यासाठी किमान पंधरा वर्षांचा नवा करार. घेतलेल्यांना निधीतला सरकारचा वाटा नाही, फक्त स्वतःचे पैसे व्याजासह.

मघाचा आकडा आता आठवावा. पंधरा वर्षांच्या पेटी ऑफिसरला निवृत्तिवेतनाचा निम्मा भाग विकून साडेअकरा लाख मिळत होते, आणि उरलेला निम्मा तहहयात चालू होता. अग्निवीराला जवळपास तेवढीच रक्कम मिळते, तीतही निम्मे पैसे त्याचेच, आणि तिच्यापुढे काही नाही. चार वर्षे व पंधरा वर्षे यांची बरोबरी करणे न्याय्य नाही हे खरे. परंतु तुलनेचा मुद्दा वर्षांचा नसून जोखमीचा आहे. पूर्वी पुढल्या आयुष्याची जोखीम राज्य व सैनिक वाटून घेत होते, आता ती बावीस-तेवीस वर्षांच्या मुलाच्या डोक्यावर आहे. आणि ज्याला राहायचे आहे त्याच्या हातात निर्णय नाहीच. जुन्या पद्धतीत नौसैनिक निवड करीत असे, नव्या पद्धतीत त्याची निवड केली जाते. चौघांतला एक होण्यासाठी चार वर्षे प्रत्येकजण आपल्या शेजारच्या खलाशाचा स्पर्धक असतो. ज्या जहाजावर एकमेकांवर जीव टाकून राहायचे, तिथे या स्पर्धेचा परिणाम काय होईल, याचा विचार दलाच्या हितचिंतकांनीही करायला हवा.

या योजनेच्या बाजूनेही युक्तिवाद आहेत, आणि ते ऐकले पाहिजेत. दल तरुण राहावे, सरासरी वय चार-पाच वर्षांनी उतरावे, असे सरकारचे म्हणणे आहे, आणि युद्धशास्त्राच्या दृष्टीने ते निरर्थक नाही. २०२५-२६ च्या अंदाजपत्रकात संरक्षणाच्या ६ लाख ८१ हजार कोटींपैकी सुमारे १ लाख ६१ हजार कोटी निवृत्तिवेतनाचे होते, म्हणजे जवळजवळ चौथा हिस्सा. जहाजे व पाणबुड्या घ्यायला पैसा उरावा ही चिंता खोटी नव्हे. मुलींना प्रथमच नौसैनिक म्हणून दार उघडले ते याच भरतीत. मार्च २०२३ मध्ये ओडिशातील ‘चिल्का’ तळावरून बाहेर पडलेल्या सुमारे २,६०० अग्निवीरांच्या पहिल्या तुकडीत अडीचशेहून अधिक मुली होत्या, ही समाधानाची गोष्ट आहे.

परंतु खर्च वाचवणे आणि खर्च दुसऱ्याच्या अंगावर ढकलणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तेवीस वर्षांचा तरुण दारात परत येतो तेव्हा त्याला पुन्हा शिकवण्याचा, सांभाळण्याचा, नोकरी शोधण्याचा खर्च नाहीसा होत नाही. तो संरक्षण खात्याच्या वहीतून निघून अर्नाळ्याच्या, सफाळ्याच्या, पालघरच्या एखाद्या घराच्या वहीत जातो. तिथे त्याची बेरीज कोणी करीत नाही, म्हणून तो दिसत नाही. नौदलात २०२२ च्या अखेरीस दाखल झालेल्या पहिल्या तुकडीची चार वर्षे २०२६ च्या अखेरीस भरतात. हे लक्षात घेऊन कार्यकर्त्यांनी काही कामे हाती घ्यावीत.

पहिले काम माहितीचे. करार संपत आलेल्या नौसैनिकाला व त्याच्या घरच्यांना मुदतवाढ, पात्र सेवा, अंशराशीकरण, राखीव जागा यांचा साध्या मराठीत हिशेब मांडून देणारे एक केंद्र वसई-विरारमध्ये चालवता येईल. निवृत्त नौसैनिक इथे पुष्कळ आहेत. त्यांचा अनुभव हेच भांडवल. कोणत्याही कागदावर ‘स्वतःच्या विनंतीवरून’ असे लिहिण्यापूर्वी त्याचा परिणाम समजून घ्या, एवढे जरी घरोघर पोचले तरी काम साधले. दुसरे काम राखीव जागांचे. राज्य शासन, महामंडळे आणि बँका यांत माजी सैनिकांच्या जागा किती, भरल्या किती, हे माहितीच्या अधिकारात विचारून प्रसिद्ध करावे. तिसरे काम मागणीचे. चार वर्षांनी परतणाऱ्या अग्निवीराला माजी सैनिकाचा दर्जा मिळावा; पुढे घेतलेल्यांची पहिली चार वर्षे पात्र सेवेत धरावीत; आणि मुदतवाढ नाकारली गेली तर तिची कारणे लेखी द्यावीत. यांतली एकही मागणी शिस्तीला बाधक नाही.

१९४६ साली ‘तलवार’वरच्या तरुणांनी अन्न व सन्मान यांच्या जोडीने सेवामुक्तीनंतरच्या भाकरीचीही मागणी केली होती. त्या उठावाचे राजकारण इतिहासजमा झाले. ती एक मागणी अजून पुरी व्हायची आहे. ज्यांना ती स्वतः मांडता येत नाही त्यांच्या वतीने ती मांडणे हे लोकशाहीवर विश्वास ठेवणाऱ्या प्रत्येकाचे काम आहे, आणि त्याची सुरुवात आपल्याच इमारतीतल्या नौसैनिकाच्या घरी जाऊन, त्याच्या हातातला कागद एकत्र वाचण्यापासून करता येईल.